घड्याळाच्या मनोऱ्याकडे जाताना

तीर्थरूप वन्सं,

तुमच्या धाकट्या भावजयीचा वाकून नमस्कार. (वाकून म्हणजे कंबरेनं परवानगी दिली तेवढंच, उरलेलं मनानं वाकले आहे असं समजा.) तुमचा गुडघा आता जिना चढू देतो हे वाचून बरं वाटलं, आणि दाजींनी पुन्हा गोड खायला सुरुवात केली हे वाचून अजिबात बरं वाटलं नाही. त्यांना माझं नाव सांगून दटावा. इकडे मी ठीक आहे. तुमचे भाऊ अंगानं ठीक आहेत, पण गप्प आहेत. तुम्ही म्हणाल, तो कधी बोलका होता? ते खरंच. पण आधीच्या गप्प बसण्यात मधूनमधून हुंकार असायचे, घसा खाकरणं असायचं, पेपर वाचताना सरकारवर रागावणं असायचं. आता तेही नाही. ते का, हे पुढे येईलच, कारण तुम्ही विचारलेल्या गोष्टीशीच त्याचा संबंध आहे.

तुम्ही विचारलंत की इथली ती एका दिवसात अख्खं शहर दाखवणारी बस-सहल कशी आहे, शिवणवर्गाच्या बायकांना घेऊन यावं का, आणि वर लिहिलंत, ‘हो किंवा नाही, एका शब्दात कळव.’ वन्सं, इतकी वर्षं मला ओळखता आणि माझ्याकडून एका शब्दाची अपेक्षा करता, कमाल आहे तुमची. नीट दोन्ही बाजू मांडते, मग तुम्हीच ठरवा.

आम्ही त्या सहलीला गेलो ते लेकीमुळे. बाबांनी सगळी नोकरी लोकांना बसमधून फिरवण्यात घालवली, आता कुणीतरी त्यांना फिरवू दे, असं म्हणून तिनं निवृत्तीच्या निमित्तानं दोन तिकिटं हातात ठेवली. लेकीचं मन मोडवेना म्हणून हे तयार झाले. बस चांगली आहे, हे आधी कबूल करते. सीट मऊ, आत गारवा, आणि पुढे छत्री घेतलेली गाईडबाई. (पाऊस नव्हता. ती छत्री आपण हरवू नये म्हणून असते. मी तरी हरवलेच, कारण राजवाड्यात आणखी एक छत्रीवाली बाई होती आणि मी तिच्या मागे मागे निम्मा वाडा परदेशी भाषेत ऐकला. मुंडी हलवत होते, त्यामुळे कुणाला काही कळलं नाही.) राजवाडा बघण्यासारखा आहे, पण राजाचा पलंग पाहून माझा भ्रमनिरास झाला. इतका आखूड, की आपले दाजी त्यावर गुडघ्यापर्यंतच मावतील. जुनं नाट्यगृह दाखवतात, पण रिकामं. नुसत्या खुर्च्या. लग्नाला जाऊन नुसता मांडव बघून परत यावं तसं वाटलं मला. संग्रहालयात फुटकी मडकी फार. आपल्या हातून फुटलं की बोलणी बसतात, तिथे मात्र काचेच्या कपाटात दिवा लावून ठेवतात. ते असो.

खरा त्रास वेगळाच. तुमच्या भावांना प्रवासी म्हणून बसताच येत नाही! बस सुटल्यापासून ह्यांचा उजवा पाय फरशीवर ब्रेक दाबत होता. प्रत्येक वळणाच्या आधी दाबायचे, आणि ड्रायव्हरनं उशिरा दाबला की दातांवर दात. मी त्यांचं लक्ष बाहेर वेधायला जावं, अहो तो पुतळा बघा, तर हे पुतळ्याखालच्या वळणाला नावं ठेवणार. शेवटी मी माझी पर्स त्यांच्या पायाखाली सरकवली, म्हटलं दाबा काय दाबायचं ते. आत माझा चष्मा होता. म्हणजे संग्रहालयातली मडकी मला जास्तच फुटकी दिसली असतील, तेवढी सूट त्यांना द्या.

आता मुख्य भानगड. संग्रहालयाच्या पायऱ्यांवर त्या ड्रायव्हरला भोवळ आली. (सकाळपासून पोटात काही नव्हतं म्हणे. मी त्याला आमच्या डब्यातलं अंडं आणि पाव दिला, लगेच रंग परतला चेहऱ्यावर.) पण भोवळ आलेल्या माणसाच्या हातात बस कोण देणार? गाईडबाईनं ऑफिसला फोन लावला, तर दुसरा ड्रायव्हर यायला वेळ लागणार. लोक कुरकुरायला लागले, ती बिचारी रडकुंडीला आली, आणि माझ्या तोंडाला कधी कुलूप नसतं हे तुम्हाला माहीतच आहे. मी सगळ्यांदेखत म्हणाले, अहो, आमचे हे आहेत की! ह्यांनी माझ्याकडे असं पाहिलं की मला वाटलं आता घरी गेल्यावर माझं काही खरं नाही. पण हात आपोआप खिशाकडे गेला. लायसन्स निघालं. निवृत्त झाल्यावरही माणूस ते शर्टाच्या खिशात बाळगतो, वन्सं! ऑफिसनं फोनवरच सांगितलं, घड्याळाच्या मनोऱ्यापर्यंत न्या, तिथे आमचा माणूस येऊन थांबेल.

मी हे पाहिलं नसतं तर कुणी सांगून विश्वास ठेवला नसता. हे त्या सीटवर बसले आणि पाठ अशी ताठ झाली, जशी आमच्या लग्नाच्या फोटोत आहे. गळ्याचं बटण लावलं. आरसा हलवला, पुन्हा हलवला, थेट माझ्याकडे रोखला असं क्षणभर वाटलं. तुम्हाला ठाऊकच आहे, ह्यांचा कायम एक नियम होता, ड्युटीवर घरचं माणूस बसमध्ये नको, लक्ष जातं. त्यामुळे इतक्या वर्षांत मी ह्यांच्या बसमध्ये एकदाही बसले नाही. आमचं घर एका टोकाला, ह्यांचा रस्ता दुसऱ्या टोकाला, कामही कधी पडलं नाही. म्हणून मी अशी ऐटीत बसले होते की शेजारच्या बाईला दोनदा सांगितलं, ते माझे मिस्टर.

मोठ्या चौकात मनोऱ्याकडे जायला उजवीकडे वळायचं असतं. हे डावीकडे वळले. शांतपणे, सिग्नल देऊन. मला वाटलं जवळचा रस्ता असेल. पण मग दवाखाना आला, मग सूतगिरणीचं फाटक, मग भाजीबाजार, आणि प्रत्येक स्टॉपवर हे बस थांबवून दार उघडायला लागले! बसची वाट बघून पाय दुखलेली माणसं, ती कशाला विचारतात? चढली. एक नर्स चढली, एक म्हातारेबुवा कोबीची पिशवी घेऊन चढले आणि राजवाडा पाहून आलेल्या परदेशी जोडप्याच्या मधोमध बसले. त्या जोडप्यानं कोबीचा फोटो काढला. गाईडबाईचं पाठांतर कधीच संपलं होतं, ती नुसती छत्री धरून उभी. मग हेच बोलायला लागले, माइकशिवाय, समोर बघत. या वळणाला मागचं चाक फुटपाथला लागतं म्हणून मोठा वळसा घ्यावा लागतो. या शाळेपुढे मुलं न बघता धावतात. त्या गॅलरीतले आजोबा रोज हात करायचे, आता गॅलरी बंद दिसतेय. वन्सं, घरी जेवढं वर्षभरात बोलत नाहीत तेवढं त्या रस्त्यावर बोलले. मधेच पाण्याच्या टाकीजवळ एका झाडाखाली बस उभी केली. तिथे स्टॉप नाही, काही नाही. नुसते आरशात बघत बसले. तेव्हा मात्र मला राहवलं नाही.

मी उठून मोठ्यानं म्हणाले, अहो, हे काय, भलतीकडे कुठे आणलंत सगळ्यांना? चुकलात तुम्ही! त्यांनी माझ्याकडे वळून पाहिलं. म्हणाले, हो, चुकलो. आणि बस सरळ डेपोत नेऊन लावली. फाटकावरच्या वॉचमननं ओळखून सलाम ठोकला तोही त्यांनी घेतला नाही. पुढे ऑफिसचा माणूस धावत आला, मी हातापाया पडले, लोकांनी तर उलट टाळ्या वाजवल्या, त्यांना तो सगळा कार्यक्रमातला भाग वाटला. (मनोरा राहिला तो राहिलाच.) ऑफिसनं तक्रार केली नाही, फक्त पुन्हा येऊ नका म्हणाले.

पण तेव्हापासून हे असे आहेत. सकाळचं फिरणं बंद. लायसन्स खिशातून काढून कपाटात टाकलं. वन्सं, तुम्हाला म्हणून सांगते, मला भीती वाटते. वरच्या मजल्यावरच्या बाई म्हणतात, माणसाचं विसरणं असंच सुरू होतं, आधी रस्ते जातात. डॉक्टर म्हणतात सगळं छान आहे, पण डॉक्टर काय, त्यांना सगळंच छान दिसतं. मी आपली घरच्या घरी परीक्षा घेते. परवा विचारलं, आज वार कोणता? तर म्हणाले, तुला माहीत नाही का? मग विचारलं, आपल्या पहिल्या घरातले पडदे कोणत्या रंगाचे होते? त्यांनी सांगितलं हिरवे, आणि खालची शिवण उसवलेली. ते मलाच आठवत नव्हतं, त्यामुळे बरोबर की चूक कसं ठरवणार? स्वयंपाकघरात जाऊन रडले थोडी. कांदा चिरत होते, त्यामुळे बोभाटा झाला नाही.

तर सहलीबद्दल माझं मत असं: सीट मऊ आहे, पलंग आखूड आहे, पायऱ्या फार आहेत, डबा आपला न्यावा. बाकी तुम्ही ठरवा. दाजींना नमस्कार, मुलांना आशीर्वाद, आणि शिवणवर्गाच्या बायकांना सांगा की तुम्ही धाडलेल्या अभ्र्यात उशी जात नाही, पण रंग सुरेख आहे.

तुमची लाडकी (निदान मी तरी तसं समजते) भावजय

ता. क. खरं सांगू का? सहलीला येऊ नका. बायकांना नंतर आणा, आधी तुम्ही एकट्या या. आणि आल्या आल्या त्यांना सांगा, ऊठ, मला शहर दाखव. मी म्हटलं तर म्हणतात, तू काय रोज बघतेस. पण तुमचा शब्द त्यांनी आजवर मोडलेला नाही. माझी आणखी काही मागणी नाही. नुसते घराबाहेर पडू देत, मग हवं तिथे चुकू देत.

ता. क. दुसरा. पाकीट शोधायला गेले तेवढ्यात ह्यांनी पत्र वाचलं. पेन मागताहेत. देते, पण जे लिहितील त्याला मी जबाबदार नाही.

ताई, नमस्कार. हिचं मनावर घेऊ नकोस, मला काही झालेलं नाही. पडदे हिरवेच होते. तू ये, आपण साध्या बसनं जाऊ, तो सहलीवाला गाडी फार हिसके देत चालवतो. आणि त्या दिवशी मी चुकलो नव्हतो. पहिल्यांदाच ही माझ्या बसमध्ये बसली होती, म्हटलं हिला एकदा माझा रस्ता दाखवावा. ही सगळ्यांसमोर म्हणाली चुकलात, मग मीही हो म्हणालो. तिथे काय सांगत बसणार? त्या टाकीजवळच्या झाडाखाली मी रोज हिनं दिलेला डबा खायचो.

ता. क. तिसरा आणि शेवटचा. वन्सं, इतक्यात येऊ नका. पुढच्या महिन्यात या. उद्या सकाळी आम्ही दोघं बाहेर जाणार आहोत, डबा बांधायचाय, म्हणून इथेच थांबते. आणि तुम्ही याल तेव्हा ड्रायव्हरच्या मागची खिडकीजवळची सीट माझी, हे आत्ताच सांगून ठेवते.