भाचीने मांडलेली दारं

तीर्थस्वरूप भाऊजींना मेव्हण्याचा साष्टांग नमस्कार (गुडघ्यामुळे पाचच अंगांचा, गोड मानून घ्यावा).

तुमचं पित्त आणि ताईचा राग, दोन्ही उतरणीला असतील असं धरून चालतो. लेकीच्या डोक्यातलं कलेचं खूळ काढायला तुम्ही तिला माझ्याकडे धाडलंत आणि आता महिनाअखेरीस परत न्यायला येणार, म्हणून हा अहवाल. पाडलेल्या घरांची दारं विकणं हा माझा धंदा. वखारीच्या धुळीत भलेभले ताळ्यावर येतात, म्हणून तिला तिथेच बसवलं. चार दिवस गप्प होती (मी फसलो). पाचव्या दिवशी तिच्यासारखेच आणखी तिघे आले (दाढी तिघांत मिळून एक) आणि स्थळ बघायला आल्यासारखे दारांपुढे उभे राहिले. शहर कसं बदलतंय त्याचा पुरावा इथे पडलाय म्हणे. मी म्हटलं, पुरावा नव्हे, सागवान आहे. पण प्रदर्शन ठरलं. वखारीतच तेवीस दारं चौकटीत उभी करायची, जशीच्या तशी, मुलांच्या उंचीच्या रेघा आणि डकवलेल्या चित्रांसकट.

आता आमची रीत अशी, की दार लोकांपुढे ठेवायचं तर घासून, धुऊन, तेल लावून. माझ्या सुताराने आदल्या दुपारी, कुणी न सांगता, तेवीसच्या तेवीस चकचकीत केली. तिघे मटकन खाली बसले. सुतार मला म्हणतो, "मालक, अजून एक हात मारू का?"

भाची रडली नाही. माझ्या हातात खडू देऊन म्हणाली, "मामा, कुठलं दार कुणाचं, तुला आठवतं ना?" मला माणसांची नावं लक्षात राहत नाहीत, पण दार उतरवताना उंबऱ्यात जे बोलणं होतं ते कानातून जात नाही. दारादारावर लिहीत सुटलो. 'हळू लावा, बाळ निजलंय.' 'ही कडी आजोबांखेरीज कुणाला लागत नसे.' 'बिऱ्हाडं दोन, भांडण एकच.' दुसऱ्या दिवशी एक शिवणवाल्या बाई आपल्या पाडलेल्या घराच्या दारापाशी आल्या, वाचलं, चपला काढल्या आणि त्यातून पलीकडे गेल्या.

सारांश, खूळ गेलेलं नाही. आता ते दोघांत आहे. पोरगी चारीठाव जेवते, सुताराला दटावते, झोपेत हसते (तुमची भाचरं सांगतात). तिला नेऊ नका.

आपला,
दारवाला मेव्हणा

ता. क. पत्रकावर कलावंत म्हणून माझं नाव तिच्या वर छापलंय. मी विरोध केला (फार नाही).

ता. क. दुसरा. तुमची इमारत पाडायला काढलीय, असं ताईने कळवलं. बाहेरचं दार दुसऱ्या कुणाला देऊ नका. तुम्ही ते पोरीच्या मागे आपटलंत तेव्हा काय बोललात, हे तिने मला आजवर सांगितलेलं नाही, म्हणून त्यावर मला काही लिहिता येणार नाही. दार घेऊन स्वतः या. जे लिहायचं ते तुम्हीच लिहा.