न पाठवलेली धून

३ फेब्रुवारी, सोमवार
आलो एकदाचा निमोण्याला! पुण्यात शेजारी ड्रिल, वरच्या मजल्यावर कुत्री. इथे खोलीभोवती नुसता कांदा आणि शांतता. घरमालक सर्जेराव आणि साखरबाई शेजारीच राहतात. बाईंनी आल्याआल्या पिठलं-भाकरी वाढली. खिडकीपाशी कीबोर्ड मांडला, लॅपटॉप जोडला. मालिकेतली सून विहिरीत डोकावते, त्या दीड मिनिटाचं संगीत करायचंय. दिग्दर्शिका तेजश्रीने सहा वेळा परत पाठवलंय. शुक्रवारपर्यंत जमलं नाही तर मालिका दुसऱ्या संगीतकाराकडे जाईल.

४ फेब्रुवारी
सातवी धूनही नापास. म्हणे, खरी भीती वाटत नाही. खरी म्हणजे कशी, विचारलं. म्हणे, ते तुम्ही शोधायचं. बावीस वर्षं या धंद्यात घासून हे ऐकायचं! या बाईला त्याच विहिरीत— असो.

५ फेब्रुवारी
डोकं फिरलं. कामाला हात न लावता शिरूरला गेलो, मिसळ खाल्ली. परतलो तर तेजश्रीचा फोन: दुपारी पाठवलेली धून बरीच जमलीय. मी काहीच पाठवलेलं नाही. मेल पाहिली; माझ्याच पत्त्यावरून गेलीय. खोलीत कोण आलं होतं, साखरबाईंना विचारलं.
“आवं, तुम्हीच तर दुपारभर पेटी वाजवत व्हता की. मी खिडकीतनं बघितलं.”

६ फेब्रुवारी, सकाळ
ती धून ऐकली. सगळ्या खोडी माझ्याच. रागाने मुद्दाम वेगळं वाजवायला बसलो, तर बोटांतून तीच निघाली, सूर न् सूर. म्हणजे मी आज वाजवणार ते कालच गेलं होतं. कीबोर्डची वायर काढून सर्जेरावांकडे ठेवायला दिली.

दुपार
पुन्हा एक गेली. वायर सर्जेरावांकडेच आहे. तेजश्री खूश, एकही दुरुस्ती नाही. सातशे भागांत पहिल्यांदा! विचारत होती, शेवटची किंकाळी कुणाची घेतलीत?
ऐकली. माझा आवाज आहे. मी आयुष्यात असा ओरडलेलो नाही. अजून तरी—

७ फेब्रुवारी
पिशवी भरली. सर्जेराव गाडी काढतायत. बाहेर लख्ख ऊन.
कीबोर्ड वाजतोय. वायर नाही. कालचीच धून—
तो पाठमोरा बसलाय. माझाच शर्ट. दार त्याच्या पलीकडे.
ओरडायचं नाही. लिहीत राहतो, म्हणजे तोंड मिटलेलं राहील. दीड मिनिट फक्त. एक झालं—
मी रुमाल दातांत धरलाय. धून संपत आली. थांबला. मान वळव—