खालची अक्षरं

बाबा, तो सिनेमा सापडला. बर्फातल्या घराचा, पेटी भरणाऱ्या नवऱ्याचा. युरोपातले, कुणी न पाहिलेले सिनेमे शोधणाऱ्या वेड्यांचा सोशल मीडियावर एक ग्रुप आहे. नाव ठाऊक नव्हतं, म्हणून मी तिथे नुसतं लिहिलं होतं, ‘भिंतीवर कोंबड्याचं घड्याळ, नवरा पेटी भरतो, बायको दारात.’ दोन वर्षं कुणी हूं की चूं केलं नाही. गेल्या आठवड्यात कुठल्याशा देशातल्या एका बाईने नऊ तुकड्यांत अख्खा सिनेमा टाकला आणि विचारलं, हाच ना?

कोन गावातल्या आपल्या घरातली रविवारची दुपार. निजामपुऱ्यातल्या कापड कारखान्यात लूम चालवून चालवून तुमचे कान गेलेले. तिथल्या खडखडाटात तुम्ही सगळे एकमेकांचे ओठ आणि हात बघूनच बोलायचात. ‘भाषा कंची बी असू दे, हात त्येच,’ म्हणत टीव्हीवरचा परका सिनेमा तुम्ही मला सांगत बसायचात. मला ते फार आवडायचं. पण त्या वर्षी मी आठवीत गेले होते आणि शहाणपणा उतू चालला होता.

“ती त्याला आडवत न्हाय,” तुम्ही म्हणालात. “मफलर वरती ठेवलाय म्हनते. थंडी हाय.”

“काहीतरीच काय, बाबा! खाली इंग्लिशमध्ये लिहिलंय. जाऊ नको म्हणतेय ती.”

तुम्ही पडद्यावरच्या बाईकडे पाहिलंत, मग माझ्याकडे. “तू शिकलेली हायस. तुजंच खरं.”

त्यानंतर तुम्ही मला एकही सिनेमा सांगितला नाहीत. “खाली काय लिवलंय?” एवढंच विचारायचात. पुढे पुढे तर आई समोर बसून बोलत असली तरी तुम्ही माझ्याकडे बघायचात, ती काय म्हणाली म्हणून. स्वतःच्या डोळ्यांवरचा तुमचा विश्वासच उडाला होता. शेवटपर्यंत.

सातव्या तुकड्यात ती बायको पेटीवर हात ठेवते. खाली अक्षरं येतात, आता मला वाचता येतात: मफलर वर ठेवलाय, तिकडे थंडी असेल. रोज मी तेवढाच तुकडा लावते, आवाज बंद करून. अक्षरं उमटायच्या आधी शेजारून तुमचा आवाज येतो आणि मान वळवून बघायची माझी हिंमत होत नाही. सिनेमा टाकणाऱ्या त्या बाईला मी अजून उत्तर दिलेलं नाही. तुम्हाला तरी हे कुठे पाठवू?

त्या दुपारी खालचं एकही अक्षर मला लागलं नव्हतं, बाबा. मी आपलं मनानेच सांगितलं.