कृष्णातला उतरवायचा

६ जानेवारी, मंगळवार

दुसरी दोरी कशाला?

सकाळी गच्चीवर गेलो तर अण्णांनी टाकीच्या खांबाला दोन दोऱ्या बांधलेल्या. एक नेहमीची, जिच्यावर माझी फळी लोंबते. दुसरी नवी, निळी, नायलॉनची. विचारलं तर म्हणाले, "बादलीला हाय." बादलीला आजवर साधी दोरी चालत होती! आणि बादलीची दोरी माझ्या कमरेला कशाला गुंडाळायची? तर म्हणे, "हात मोकळं ऱ्हात्यात."

धनपालअण्णांबरोबर रंगाचं काम करतोय त्याला बरीच वर्षं झाली. ते वर, मी खाली. ते गाठ मारतात, मी कठड्यावरून पाय टाकतो, फळीवर बसतो आणि भिंत रंगवत खाली येतो. मला न विचारता त्यांनी कधी एक गाठ बदलली नाही. आता बदलली. लिहून ठेवतो. उद्या काही झालं तर निदान वहीला ठाऊक असूदे.

खाली जाळी नाहीच. काम सुरू झालं तेव्हा ठेकेदार उदयसिंहांना म्हटलं होतं, जाळी तरी लावा. ते हसले — "जाळी? सर्कस हाय व्हय रं?" मग मीही हसलो. ठेकेदार हसला की हसावं लागतं.

दुपारी जरा गरगरलं. उपाशीपोटी चहा घेतला होता. बाकी काही नाही.

८ जानेवारी, गुरुवार

मागची भिंत अण्णांनी ठेवून दिलीय. सोसायटीची ती बाजू सरळ सपाट — सात मजले, ना बाल्कनी ना सज्जा. आम्ही अवघड बाजू नेहमी आधी उरकतो, अंगात जोर असतो तोवर. यंदा उलटं! मला बाल्कन्यांच्या बाजूला टाकलंय, जिथं दर मजल्याला पाय टेकतात. असलं काम तर कुणीही करेल.

"अण्णा, मागचं कवा?"

"बगू की. घाई हाय व्हय?"

घाई नाही कशी? महिनाअखेरीला सोसायटीची पूजा आहे. उदयसिंहांचा रोज फोन. मग ती भिंत कुणासाठी राखून ठेवलीय? माझ्यासाठी नाही हे नक्की.

९ जानेवारी, शुक्रवार

परत गरगरलं. पाचव्या मजल्याशी. भिंत सरकल्यासारखी वाटली. डोळे मिटून थांबलो, गेलं.

वर्षाराणीला सांगायचं नाही, बायको ती, कामावर जाऊ देणार नाही. अण्णांना तर मुळीच नाही. भोवळ येणाऱ्या माणसाला दोरीवर कोण बसवेल? आणि दोरीवर नाही बसलो तर मला दुसरं येतंय काय? गारगोटीची जमीन थोरल्या भावाकडं, इथं मंगळवार पेठेत भाड्याची खोली, पोरगी दहावीला. दोरीवर आहे तोवर लोक कृष्णात पेंटर म्हणून हाक मारतात.

पाणी जास्त प्यायला पाहिजे. तेवढंच असेल.

१२ जानेवारी, सोमवार

कळलं, भिंत कुणासाठी ठेवलीय ते!

अण्णांचा पुतण्या आला होता. नाव अभिनंदन. गडहिंग्लजचा. इस्त्रीचा शर्ट, काखेत बॅग. अण्णा म्हणाले, "सहज आलाय." सहज कोण सात मजले चढून येतं? लिफ्ट बंद होती आज.

मी डबा खात होतो. त्यानं मला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं. मग सुरू झाला — "काका, उंची किती तुमची?" सांगितली. "वजन?" सांगितलं. "तंबाखू, दारू?" अरे, बैल घेतोस का बाजारातला? दात तेवढे बघायचे राहिले! आणि अण्णा शेजारी बसून आपल्या डब्यातली बिनकांद्याची भाजी खातायत, मान खाली. माझ्याकडं बघेनात.

जाताना पोरगा मागच्या कठड्यावरून वाकला. "बाप रे!" म्हणाला. अंदाज घेत होता. घे बाबा. इस्त्री मोडेल तुझी.

आपलं ते आपलं. चुलत्याला पुतण्या जवळचा, त्यात नवल काय? पण तोंडावर सांगायचं होतं.

१३ जानेवारी, मंगळवार

पेनानं कागद फाटला लिहिताना. रागानं.

चहा घेऊन गच्चीवर चढलो. टाकीच्या मागं अण्णा फोनवर. वारा होता, तुटक तुटक कानावर आलं — "व्हय, कृष्णातला उतरवायचा हाय... न्हाय, त्याला न्हाय बोललो मी... ह्याच आठवड्यात उतरवून टाकू, अभिनंदन."

मला बघितलं आणि फोन खिशात. "चा आणलास? बरं केलंस."

उतरवायचा! कामावरून उतरवायचा हे तर झालंच. पण आमच्या धंद्यात उतरवणं म्हणजे एकच. दोरीनं खाली सोडणं. दुसरी दोरी, ठेवलेली भिंत, उंची, वजन... मनात आलं ते लिहिणार नव्हतो. लिहितोच. दोरीचं वरचं टोक त्या माणसाच्या हातात आहे.

आणि स्वतः? स्वतः दोरीवर बसत नाही. बायको त्रिशलाकाकू आजारी पडल्या तेव्हा जैन मुनिमहाराजांपुढं नेम घेतला — पुन्हा दोरीवर बसणार नाही. नेम म्हणजे नेम, पाणीसुद्धा गाळून पितात. मुंगी मरू नये म्हणून बघून पाऊल टाकणारा माणूस! पण कृष्णात मुंगी नाही ना.

आजपासून अण्णा नाही. धनपाल.

१४ जानेवारी, बुधवार

संक्रांत. धनपालनं तिळगूळ दिला. "गोड बोल."

मी तोंडात टाकला नाही. खिशात ठेवला.

१५ जानेवारी, गुरुवार

काल घरी निघताना मी त्याच्या नकळत गाठीभोवती पांढरा दोरा गुंडाळून ठेवला होता. आज बघितलं — दोरा तुटून खाली पडलेला. म्हणजे माझ्या आधी येऊन त्यानं गाठ सोडली आणि परत बांधली. का? मी स्वतः ओढून बघितली, पाय लावून बघितली. पक्की होती. आज पक्की होती!

आमची एक रीत आहे. कठड्यावर पाय टाकला की मी म्हणतो, "येतो." ते म्हणतात, "ये." 'जातो' म्हणायचं नाही. मागं एकदा चुकून माझ्या तोंडून "चला, जातो" निघालं, तर त्यांनी फळी वर ओढून घेतली आणि दिवसभर काम बंद ठेवलं. मजुरी बुडाली दोघांची.

आज मी काहीच बोललो नाही. नुसता उतरलो. वरून आवाज आला, "ये." परत — "कृष्णा, ये रं." भिंतीला तोंड करून रंग मारत राहिलो.

तिसऱ्या मजल्यावर भोवळ आली. ह्या वेळी लवकर जाईना. बाल्कनीची जाळी धरून बसलो. आतली म्हातारी म्हणाली, "पावणं, पाणी देऊ?" जीव अर्धा झाला. वर ऐकू गेलं असलं तर?

१६ जानेवारी, शुक्रवार

कपाटातलं माझं आधार कार्ड जाग्यावर नाही.

वर्षाराणी भाकरी थापत होती. म्हणाली, "अण्णांनी झेरॉक्सला मागितलंय. दिलं."

"मला न विचारता?"

"तुमास्नी इचारलं की तुमी सतरा फाटं फोडता."

"आणि काय काय मागितलं?"

"जन्मतारीख. माझं नाव नीट लिवून दे म्हणालं."

माझी जन्मतारीख, तिचं नाव! मी म्हटलं, तुझं आणि त्या धनपालचं काय चाललंय माझ्या पाठीमागं? तिनं परातीतला हात काढला. पीठ तसंच बोटांना. "धनपाल? अण्णा म्हणत हुतासा न्हवं?" एवढंच बोलली. मग भाकरी करपली.

घरात मी एकटा पडलोय असं वाटतं. उद्या तोंडावर विचारणार. गच्चीवर. सगळ्या दोऱ्यांसमोर.

१७ जानेवारी, शनिवार

विचारलं.

फळी तयार होती. मी कठड्यापासून लांब उभा राहिलो. म्हटलं, "मी उतरणार नाही. आधी सांगा, कुणाला उतरवताय?"

"कुणाला म्हंजे? तुलाच की. रोज उतरवतोय."

"तसं नाही. मी ऐकलंय फोनवर. 'कृष्णातला उतरवायचा हाय.' पुतण्याला सांगत होता!"

ते माझ्याकडं बघतच राहिले. मग खाली बसले, टाकीला टेकून, आणि हसायला लागले. हसता हसता डोळे पुसले. "कृष्णातला न्हवं रं गाढवा! कृष्णातचा! कृष्णातचा इमा उतरवायचा हाय!"

ला नाही. चा.

अभिनंदन विम्याचं काम करतो. अपघाताचा विमा. उंची, वजन, तंबाखू सगळं त्याच्यासाठी. वर्षाराणीचं नाव वारस म्हणून. पहिला हप्ता ते स्वतः भरणार होते. सही घ्यायच्या वेळी मला सांगणार होते, कारण आधी सांगितलं तर मी सतरा फाटे फोडतो. हे त्यांनाही ठाऊक!

मी म्हटलं, "पण आत्ताच का? इतकी वर्षं नाही, ते आत्ताच?"

हसणं थांबलं. म्हणाले, "दोरी माझ्या हातात असती कृष्णा. तू घाबरलास, शिंकलास, वर बसून समदं कळतंय मला. दिवाळीपास्नं तुझी दोरी थरथराय लागलीया. मधीच तू नुसता लोंबकळत ऱ्हातोस. हात हलत न्हाय. भोवळ येतीया न्हवं?"

कठड्यावर कावळा बसला होता. मी त्याच्याकडं बघत राहिलो.

"मग विचारलं का नाही?"

"इचारलं असतं तर तू न्हाय म्हणला असतास. आणि चुकून व्हय म्हणला असतास, तर मला तुला उतरवता आलं नसतं. मग खाल्लं असतंस काय? म्हणून दुसरी दोरी बांधली. बाल्कनीकडं ठेवलं. रोज सकाळी गाठ नवी मारतोय. आणि काय करू मी?"

लाज वाटली. खरं सांगायचं तर रागही आला. माणसाला भोवळ येते हे ठाऊक असून त्यांनी मला रोज खाली सोडलं. आणि मी रोज उतरलो. दोघंही गप्प. चांगली जोडी!

खिशातला तिळगूळ काढला. घामानं चिकट झालेला. खाल्ला. अण्णांनी बघितलं.

घरी आलो तर वर्षाराणीनं आधीच ओळखलं. "उटताना भिंत धरतासा, मला दिसत न्हाय व्हय?" म्हणजे सगळ्यांना ठाऊक होतं. लपवत होतो तो मी एकटाच.

१९ जानेवारी, सोमवार

अभिनंदन सही घ्यायला गच्चीवर आला. एकेक प्रश्न वाचत गेला. ऑपरेशन झालंय का? नाही. फिट येते का? नाही. "चक्कर, भोवळ?"

अण्णा पाठ करून दोरी गुंडाळत होते. त्यांचा हात थांबला. 'नाही' एवढंच म्हणायचं होतं. इतके दिवस स्वतःशी तेच म्हणत आलोय, सवय आहे. पण तोंडातून निघून गेलं —

"येते."

पोरगा चपापला. पेन तसंच. म्हणाला, "काका, मग ह्यात न्हाय बसत. आधी डॉक्टरांचा दाखला लागंल. आणि काम उंचीवरचं, म्हंजे... अवघडच हाय." अण्णांनी त्याला फक्त "ऱ्हाऊदे" म्हटलं. तो बॅग घेऊन गेला. बिचारा वाईट मनाचा नाही. बैल, दात — काय काय लिहून ठेवलंय मी त्याच्याबद्दल!

म्हणजे विमा नाही. जाळी तर नव्हतीच. आणि आता तोंडानं कबूल केल्यावर दोरीही नाही. मागची सबंध भिंत कोरी आहे आणि पूजा तोंडावर आलीय.

संध्याकाळी अण्णा म्हणाले, "कानाच्या डॉक्टरला दाखवू तुला. माझ्या मेव्हण्याचं असंच हुतं, कानातनं निघालं. उद्या मातर लवकर ये. फळी धुऊन ठेव."

फळी कुणासाठी? दुसरा कुणीतरी बघून ठेवलाय त्यांनी. बघणारच. दोरीवर बसायला तयार माणसं नाक्यावर हवी तेवढी उभी असतात. डॉक्टरचं गोड बोलून मला हळूच बाजूला करणार. अण्णा, निदान आता तरी सरळ सांगायचं होतं.

वर्षाराणी म्हणते, "पुन्ना सुरू झालं तुमचं."

२० जानेवारी, मंगळवार

दुसरं कुणी आलं नाही. गाठ मला मारायला लावली आणि अण्णा स्वतः फळीवर बसले. मी म्हटलं, "अण्णा, नेम?" म्हणाले, "महाराजांस्नी मी सांगतो. दंड सोसतो काय द्यायचा तो. तू दोरी बग."

मी गाठ दोनदा ओढून बघितली होती. त्यांनी एकदाही बघितली नाही. कठड्यावरून पाय टाकले, मागची भिंत, खाली काही नाही, आणि म्हणाले, "येतो रं, कृष्णा."

मी दोरीचा आणखी एक वेढा हाताला घेतला. ते तिथंच थांबले होते, मी बोलेपर्यंत.

"या, अण्णा."