त्याला मेलेलाच ठेवायचं

१ सप्टेंबर २०००, शुक्रवार

आ.चा दुबईहून फोन. जुम्म्याची नमाज आटोपली की करतो. आधी अम्मा बोलतात, आपल्या लेकाशी पोटभर, मग उरलेलं मला. आज मला जे उरलं त्यातही सगळी गेमच.

उन्हाळ्यात रजेवर आला तेव्हा ते टीव्हीला लावायचं गेमचं मशीन घेऊन आला. रजा सगळी टीव्हीसमोर घालवली. माझ्याबरोबर एकदा गणपतीपुळ्याच्या किनाऱ्यावर आला तेवढंच, तेही ला. गे. म्हणून. (लाईट गेली. आता हे इतक्यांदा लिहावं लागतं की ला. गे. एवढंच लिहिणार.) जाताना नवरोबांचा हुकूम: "माझी गेम मोडू नकोस. हात लावू नकोस." मग न्यायचं होतं ना बरोबर!

आता तिकडे खोलीतल्या फिलिपिनो मित्राकडे तीच गेम निघाली. पहिल्यापासून खेळतोय आणि दलदलीत अडकलाय. मला विचारतो, "अगो, मी तिथून कसा गेलो होतो, आठवतं तुला?"

गेला नव्हतासच तू. दलदल मी ओलांडली, तू गेल्यावर, दुपारी अम्मा झोपल्या की. पण बोलले नाही. म्हटलं, "तो होडीवाला म्हातारा आहे ना, त्याच्याशी तीनदा बोला. दोनदा नुसता खोकतो. तिसऱ्यांदा होडी देतो."

"तुला कसं माहीत?"

"तुमच्या मागे बसून बघत होते ना."

खोटं बोलले. राग त्याचाच येतोय.

४ सप्टें.

गेम सगळी जपानी. एक अक्षर वाचता येत नाही. आ.लाही येत नाही, म्हणून तो दिसेल ते बटण दाबत सुटतो. मी अक्षरांचे चेहरे लक्षात ठेवलेत. गळासारखं अक्षर पहिलं आलं की आग. शिडीसारखं आलं की मलम. दोन शिड्या म्हणजे सगळ्यांना मलम. झाडूसारखं असेल तर पळायचं.

आजची कमाई: थडग्यातून उठणारे सांगाडे तलवारीने मरत नाहीत. त्यांच्यावर आपलं औषध ओतायचं. जखम बरी करायचं औषध! एका बाटलीत खलास. असं कुठल्या शहाण्याला सुचलं असेल? पण मलाही सुचलंच की. एरवी घरात मला काही सुचतं असं कुणाला वाटत नाही.

सुरुवातीला आ.ने नायकाला स्वतःचं नाव देऊन ठेवलंय. इंग्रजी चारच अक्षरं मावतात, त्याचं नाव बरोब्बर मावलं. दलदलीपलीकडे एक मलमवाली मुलगी येऊन मिळते. तिचं नाव विचारलं गेमने. माझं दिलं, रुबीना मावेना. रुबी ठेवलं.

८ सप्टें., शुक्र.

संताप संताप.

फोनवर सांगाड्यांचं सांगितलं. आ. खूश. आणि फोन हातातच धरून मागे वळून मित्रांना हिंदीत सांगतो, "देखा? मैं बोला था ना, दवाई डालके देखते हैं!" मी ऐकतेय इकडे. फोनच्या तारेतून ऐकू येतं हे त्याच्या गावीही नाही.

मग अम्मांनी फोन घेतला आणि ठेवल्यावर मलाच, "पोरगा एवढा लांब, त्याला जेवलास काय विचारायचं सोडून सांगाड्यांच्या गजाली करतेस?"

त्यानेच विचारलं! पण नाही. इथे बोलायची सोय नाही.

१४ सप्टें.

ला. गे. अगदी तीन डोक्यांच्या पक्ष्याचं शेवटचं डोकं उरलं असताना. चबुतऱ्यावर गेम जमा करून किती वेळ झाला होता! (तिथे जमा केली की ला. गे. तरी तिथवरची गेम राहते, पुढची सगळी जाते.) गेली दुपार पाण्यात. अम्मा म्हणतात, "बरं झालं, डोळ्यास्नी आराम." बटणाचं यंत्र भिंतीवर मारावंसं वाटलं. नाही मारलं. गादीवर मारलं.

धडा: पक्ष्याआधी चबुतरा गाठायचा. मधलं डोकं आधी, ते बाकीच्या दोघांना औषध देतं. मी बाजूच्या डोक्यांशी झुंजत बसले होते. मूर्ख.

१९ सप्टें.

सापडलं! रुबी पुढे का जात नाही ते सापडलं.

लढाई जिंकली की अनुभव मिळतो आणि तो जिवंत असतील त्यांच्यात वाटला जातो. तिघांत तीन वाटे. आणि आ.चा नायक करतो काय? एक घाव घालतो, हुकतो, वाटा मात्र पुरा घेतो. आज तो पहिल्याच फटक्यात मेला आणि मला उठवायचा कंटाळा आला. तर सगळा वाटा रुबीला आणि त्या धनुष्यवाल्याला. दोन लढायांत रुबीला नवा मंत्र!

म्हणजे त्याला मेलेलाच ठेवायचं. मेलेला माणूस आपोआप मागून फरफटत येतो. खात नाही, पीत नाही, औषध लागत नाही. उत्तम.

लिहिताना हसू आलं. आज आठवडाभरात पहिल्यांदा राग नव्हता.

२२ सप्टें., शुक्र.

फोन. आ. तीन डोक्यांच्या पक्ष्यापाशी. सांगता सांगता माझ्या तोंडून त्याचं नाव गेलं. "आसिफला मागे ठेवा, आसिफला पुढे नका आणू, तो हुकतो." लग्नाला तीन वर्षं झाली, त्याचं नाव कधी घेतलेलं नाही. इथे वहीतसुद्धा आ. लिहिते. त्याला काही वाटलंच नाही. तो डोकी मोजत होता. अम्मा मात्र हातातली भांडी तशीच ठेवून माझ्याकडे बघत राहिल्या.

शेवटी विचारलं, "माझ्या कागदपत्रांचं काय झालं? मला कधी नेताय?"

"बघू."

हा माणूस मेला की त्याच्या कबरीवर 'बघू' लिहायचं. (अल्ला माफ कर. पण लिहायचं.)

६ ऑक्टो., शुक्र.

मी शेवटच्या किल्ल्यात शिरले. आत गेलं की मागचं दार बंद होतं, परत गावात जाता येत नाही. दाराशी चबुतरा आहे, तिथे जमा केली. आता फक्त पायऱ्या आणि वरचा राजा.

तोंडातून निघून गेलं फोनवर. आ. लगेच, "म्हणजे माझ्या पुढे गेलीस? माझ्या गेमवर?"

"हो."

"मग असं कर. कार्ड पाठवून दे. गावातले युसूफभाई पुढच्या आठवड्यात येतायत इकडे. मी तिथून पुढे खेळतो."

कार्ड म्हणजे काडेपेटीएवढी वस्तू, मशीनला लावायची. सगळी गेम त्यात राहते. एकच आहे. ते गेलं की माझ्याकडे काय? रिकामं मशीन आणि अम्मांची मालिका.

दोन महिने दुपारची झोप सोडली मी. तो म्हणतो पाठवून दे. कुळथाचं पीठ पाठवून दे म्हणतो ना, तसंच.

मी म्हटलं, "बघू."

११ ऑक्टो.

सगळं फिसकटलं.

शबाना, माझी नणंद, कॉलेजातून लवकर आली. मी पायऱ्यांवर होते, ती येऊन मागे उभी राहिली. खाली नावांची ओळ असते, मेलेल्याचं नाव लाल. वाचलं बाईंनी आणि घर डोक्यावर घेतलं, "वहिनी! आसिफ मेलाय! वहिनी, आसिफ मेलाय!"

अम्मा परसात कोलंबीचे सोडे वाळत घालत होत्या. तशाच धावत आल्या, पायात काही नाही, तोंडाला रंग नाही. त्यांना धरून बसवलं, पाणी पाजलं. गेममधला, अम्मा, गेममधला. शबाना हसत सुटली. अम्मा नाही हसल्या. टीव्हीसमोर गेल्या आणि त्या आडव्या पडलेल्या बाहुल्याकडे बोट दाखवून विचारलं, "ह्यो कोन?"

मी टीव्हीच्या आड सरकले.

"कदीपासून मेलाय?"

शबानाने तोंड उघडलं, "वहिनी त्याला मुद्दाम उठवत नाही गो अम्मा. मग तिला जास्त गुण मिळतात." मीच सांगितलं होतं तिला, कौतुकाने. सांगणारीलाच फटकवायला हवी, म्हणजे मला.

अम्मा: "माजा पोरगा समुद्रापल्याड. आनि तू त्याला हितं मारून ठेवलायस."

१२ ऑक्टो.

आ.च्या जिवावरची बला टळावी म्हणून अम्मांनी सदका काढला, गरिबाला कोंबडी दिली. माझ्याशी बोलत नाहीत. मला अपराधी वाटायला हवं. थोडं वाटतंय. पण त्याहून जास्त चीड येतेय. दोन वर्षांत एकदा येतो, तेव्हाही टीव्हीकडे तोंड. तेव्हा कुणी सदका काढला होता माझ्यासाठी?

१५ ऑक्टो.

कार्ड गेलं.

मी माहेरी राजिवड्याला गेले होते, दुपारपुरती. युसूफभाई येऊन खोका घेऊन गेले. सोडे, आंबापोळी, तळलेले गरे. आणि सोड्यांच्या पिशवीत माझं कार्ड. शबानाने मशीनमधून काढून दिलं, अम्मांनी फडक्यात बांधून आत घातलं.

"त्यानं मागितलं हुतं. आनि तो घरात मेलेला नको मला. त्याचा त्याच्याकडं गेला. काय करायचं ते करंल."

माझी गेम! असं ओरडले मी. पहिल्यांदा त्या घरात ओरडले. अम्मा म्हणाल्या, "तुजी कशी? नाव त्याचं हाय."

नाव त्याचं आहे. खरंच की. मशीन त्याचं, नाव त्याचं, किल्लाही त्याचाच झाला.

जेवले नाही. कुणी विचारलंही नाही.

२७ ऑक्टो., शुक्र.

कार्ड पोचलं. सोड्यांचा वास मारतंय म्हणून हसला. खोलीवर सगळ्यांनी गरे खाल्ले. गेम लावलेली नाही अजून, ओव्हरटाइम आहे. माझ्याशी जेमतेम बोलणं. म्हटलं, "एवढंच करा. माझ्या जागेवर दुसरी गेम जमा करू नका. बघा पाहिजे तेवढी, पण जमा करू नका. आणि येणाऱ्या माणसाबरोबर परत पाठवा."

"बघू."

३ नोव्हें., शुक्र.

आज अम्मांशी दोनच वाक्यं बोलला, मग "तिला दे."

"अगो, मी मेलोय?"

"हो."

"तू एवढी वर, आणि मी एवढा खाली? कधी मेलो?"

"पक्ष्यानंतर."

"उठवलं का नाहीस?"

किती काय सांगता आलं असतं. मी फक्त गेमचं सांगितलं. "अनुभव वाटला जातो. तुम्ही पडलेले असलात की सगळा मला मिळतो."

मग म्हणाला, "मला वाटलं, मी सोडून गेलो होतो तिथेच असेन उभा."

याचं काय करायचं मला कळत नाहीये. रागावूनही बघितलं.

१० नोव्हें., शुक्र.

किल्ल्यात उठवायला देऊळ नाही, गाव नाही. रुबीच्या मंत्रानेच उठवता येतं. मेलेल्याला उठवणारे मंत्र दोन. चेहरे सारखेच. एकात रुबी मंत्र म्हणते, मेलेला उठतो, झालं. दुसऱ्यात रुबी स्वतःचा जीव देते आणि बाकी सगळे उठतात. मी एकदाच चुकले होते, मशीन बंद करून परत चबुतऱ्यापासून आले.

आ.ने दुसरा दाबला.

सांगतो कसा, आनंदाने! "जमलं गो! मी उठलो! तू मेलीस फक्त." आणि पुढे: "आता असंच जमा करू का? शेवटचा राजा मी मारतो ना. एकजण मेला तर काय बिघडतं?"

मी फोन ठेवला. मी. त्याच्यावर. रिसीव्हर असा आपटला की अम्मा ओट्यापासून वळल्या.

"काय झालं गो?"

"तुमचा पोरगा उठला. मी मेले. सदका काढा."

रात्रीच्या जेवणाला माझ्या ताटात माशाचा मधला तुकडा होता. तो नेहमी शबानाचा.

१७ नोव्हें., शुक्र.

मी मुद्दाम विहिरीवर. अम्मांनी घेतला फोन. मी आल्यावर सांगितलं, "जमा नाय केलान अजून. इचारतोय तुला. दोन शब्द दिसतात म्हनतो, खरा कुठला?" मग स्वतःच, "रुबी म्हंजे तूच नाय?"

"हो."

"मंग तिला मारून हा राजा मारनार? हात हलवायला लागला की हुकतो ना तो?"

अम्मांना हे कुणी सांगितलं? म्हणजे फोनवर मी बोलायचे तेव्हा सगळं ऐकत होत्या.

२४ नोव्हें., शुक्र.

पुढच्या आठवड्यात रोजे, मग महिनाभर टीव्ही बंद. जे काय व्हायचं ते आज.

ठरवलंय काय सांगायचं. मधे कुठे जमा करू नका, चबुतऱ्यापासूनच चालू करा. रुबीच्या मंत्रांत तिसरी ओळ, शेवटचा शब्द. शेपटी वर गेलेला. खाली गेलेला नाही. त्याने आसिफ उठेल आणि रुबीही उभी राहील. मग दोघांनी वर जायचं, त्याने मागच्या रांगेत राहायचं, मी सांगेन तेव्हाच घाव घालायचा.

पण आधी माझ्या कागदपत्रांचं विचारणार. त्यावर 'बघू' म्हणाला तर त्याला शब्द मिळणार नाही. पडू दे दोघांतला एक, त्याला हवा तो.

अम्मा फोनजवळच बसल्यात, लसूण सोलत. वाजला. नेहमी झडप घालतात. आज हलल्या नाहीत. अजून वाजतोय.

"उचल गो. तुजाच हाय."