बसमध्ये पुढे बसणाऱ्या बाबांना

बाबा, आज रागावून लिहायला बसले आहे. आईवरचा राग तुमच्यावर काढते आहे म्हणा हवं तर. तिच्याशी परवापासून मी नीट बोललेले नाही.

तुम्हाला बसमध्ये मागे बसताच यायचं नाही. जन्मभर शिरगावच्या खाणीवरून खनिजाचा ट्रक हाकलेला माणूस. डिचोलीहून म्हापशाला जायचं तरी ड्रायव्हरच्या शेजारची सीट हवी. ती नसली तर इंजिनाच्या झाकणावर बसाल, बूड भाजलं तरी चालेल. आई मागून हाका मारायची, आणि तुमचं ठरलेलं उत्तर, "पाठी बसलंय काय माका मळमळता." वर दुसऱ्याच्या गाडीचा ब्रेक तुम्ही तिथून आपल्या पायाने दाबायचात. मला मेल्याहून मेल्यासारखं व्हायचं. आता डोळे मिटले की तोच पाय दिसतो, झिजलेल्या चपलेतला, नुसत्या पत्र्यावर जोर लावून ठेवलेला.

खाणी बंद पडल्या, ट्रक दारात गंजायला लागला, आणि पेडण्याच्या तुमच्या मित्राने छत्तीसगडच्या खाणीवर काम आहे म्हणून सांगितलं. तिकडे नक्षलवाद्यांची आणि पोलिसांची लढाई कित्येक वर्षं चाललेली. आई नको नको म्हणत होती. तुम्ही म्हणालात, माझं कुणाशी काय वाकडं आहे? खरंच, तुमचं कुणाशीच वाकडं नव्हतं. चवथीच्या गणपतीला घरी यायला तुम्ही आणि तुमचा तो मित्र तिथल्या बसमध्ये चढलात. रजेवर निघालेले काही पोलीसही त्याच बसमध्ये होते, आणि त्यांच्यासाठी रस्त्यात सुरुंग पेरला होता, हे आम्हाला नंतर कळलं. बसचा पुढचा भाग उडाला. मागे बसलेला तुमचा मित्र हाताला प्लॅस्टर घालून आमच्या दारात आला, तेव्हा एकच गोष्ट पुन्हा पुन्हा सांगत होता, की मागे जागा होती, मी त्याला बोलावलं होतं. आईने त्याला चहा करून दिला. त्या वर्षी आमच्याकडे गणपती बसला नाही.

परवा मी शाळेत शिकवून घरी आले, तर आई पावाचा उंडा चहात बुडवून खात टीव्ही बघते आहे. बातमी तिकडचीच. हत्यारं खाली ठेवून आलेल्या नक्षलवाद्यांना सरकार कामं शिकवतंय, कुणाला शिवण, कुणाला गवंडीकाम. एक जण जीप चालवायला शिकत होता, माझ्याच वयाचा असेल. बातमीवाल्याने विचारलं, पुढे काय चालवणार? तर म्हणाला, बस. माझ्या अंगाची आग आग झाली. मी रिमोट शोधत होते, एवढ्यात आई शांतपणे म्हणाली, "शिकांदे. पाठी माणसां बसली काय त्यांचो जीव सांभाळूचो लागता, ह्यां तरी कळात त्याका."

तुमची बायको बोलली हे, बाबा. मी म्हटलं, तुला काय ठाऊक, तो सुरुंग ह्यानेच पेरला असेल. ती म्हणाली, असेल, आणि उरलेला उंडा संपवला. मला तिच्याइतकं मोठं होता येत नाही, व्हायचंही नाही. मला तुम्ही हवे होतात, बस.

हा कागद कुठे धाडायचा नाही हे बरंच आहे, म्हणजे एक गोष्ट लिहिता येईल जी आईला कळता कामा नये. वर अंगाची आग झाली असं लिहिलंय ते खरं, पण ते थोडं नंतरचं. बस म्हणता म्हणता त्या माणसाचा पाय क्लचवरून निसटला, जीप आचका देऊन बंद पडली, आणि तो ओशाळून हसला. तेव्हा मीही हसले, बाबा. अगदी मनापासून.