दुसऱ्याच्या आवाजातले अण्णा

अण्णा, आज तुमची आठवण एका हंगेरियन माणसामुळे आली. इथे परदेशात, हार्बरफ्रंटच्या आमच्या ऑफिसात तो इंजिनिअर आहे, एरवी कामापुरतं बोलणारा. दुपारी हॉकर सेंटरच्या खाऊगल्लीत जेवताना त्याने मला फोनवर एक जुना मूकपट दाखवला. त्यात त्याचे पणजोबा होते. आधी नाटकात गाजलेले, मग सिनेमा आला तसे सिनेमात गेलेले, आणि सिनेमा बोलायला लागायच्या आत वारलेले. पडद्यावर ते हात पसरून कुणाला तरी शाप देत होते. ओठ हलत होते, आवाज नाही. ते कसे बोलायचे हे आता घरात कुणालाच माहीत नाही, असं तो म्हणाला. त्याला वाईट वाटत होतं. मला मात्र त्याचा हेवा वाटला. का, ते इंग्रजीत सांगायला जमलं नाही, म्हणून घरी जाताना एमआरटीच्या गाडीत बसून फोनवर तुम्हाला लिहिते आहे.

तुमची नाटक कंपनी गावोगाव फिरायची आणि तुम्ही एकच वाक्य रोज वेगळं बोलायचात. आज समोर कोण बसलंय ते बघून ठरवायचं, हा तुमचा हट्ट. बरोबरचे नट वैतागायचे, पण शेवटच्या रांगेतली बाईसुद्धा पदर डोळ्याला लावायची. एकदा शाळेतल्या स्पर्धेसाठी मी स्वयंपाकघरात भाषण घोकत होते. आई भाकऱ्या थापत होती, तुम्ही जेवत होतात. दर वेळी त्याच जागी माझा हात वर जातोय हे बघून तुम्ही ताट बाजूला सारलंत. "एकदा बोललेलं परत तसंच बोलायचं असेल, तर घरात पोपट पाळावा. मुलगी कशाला?" मी रडले. आई तुम्हाला रागावली. मला बक्षीस मिळालं नाहीच.

मग तुम्हाला सिनेमा मिळाला. गावच्या पाटलाचं काम, चांगलं मोठं. तेव्हा चित्रीकरण आधी आणि आवाज मागाहून स्टुडिओत भरायचा. पडद्यावरच्या स्वतःच्या ओठांकडे बघत तेच वाक्य, त्याच वेगाने, तितकाच श्वास घेऊन पुन्हा बोलायचं. तुम्हाला ते जमेना. दर खेपेला वाक्य कुठेतरी वेगळं वळायचं, ओठ मागे राहायचे. शेवटी त्यांनी दुसरा माणूस आणला. हे तुम्ही तेव्हा घरी कुणालाच सांगितलं नाहीत.

आम्ही सगळे नवे कपडे घालून सिनेमाला गेलो होतो. अर्धी गल्ली बरोबर होती. तुमचा चेहरा पडद्यावर आला, टाळ्या पडल्या आणि तुमच्या तोंडातून भलताच आवाज आला. जाड, घोटीव, रुबाबदार. आई तुमच्याकडे न बघता म्हणाली, "हे कोण बोलतंय?" तुम्ही समोर बघत राहिलात. मध्यंतरात लोक तुमचा हात हातात घेऊन आवाजाचीच तारीफ करत होते, आणि तुम्ही मान डोलावत होतात.

इथवर मी समजू शकते. पुढचं अजून पचत नाही. त्यानंतर नाटकाला गर्दी व्हायची ती पाटील बघायला. तुम्ही तोंड उघडलं की मागून कुणीतरी ओरडायचं, "पिक्चरमधला आवाज काढा!" सुरुवातीला तुम्ही दुर्लक्ष केलंत. मग एका प्रयोगात काढलात. मी विंगेत होते. तुम्ही घसा आत ओढून त्या परक्या माणसाची नक्कल केलीत, थिएटर डोक्यावर घेतलं लोकांनी. पुढे सगळीकडे तेच, रोज तसंच्या तसं. घसा फाटत गेला, रक्त पडायला लागलं, आणि डॉक्टरांनी गाठ सांगितली तेव्हा फार उशीर झाला होता. शेवटचे महिने तुम्ही पाटीवर लिहून पाणी मागायचात. तुम्हाला सिनेमाने मारलं असं आई म्हणायची. मला वाटतं, टाळ्यांनी.

तो सिनेमा आता नेटवर आहे. मागच्या रविवारी लेकीने सेम्बावांगच्या फ्लॅटमध्ये टीव्हीवर लावला. ती तुमच्यामागे जन्मलेली. सोफ्यावर मांडी घालून बघत होती आणि इथल्या इंग्रजीत म्हणाली, "मम्मी, आजोबाज व्हॉइस सो नाइस, लाह." सांगणार होते तिला. हा आवाज त्यांचा नाही, खरा वेगळा होता, असं वाक्य तोंडात तयार होतं. पण तिने साहजिकच विचारलं असतं, की मग कसा होता?

पुढचं स्टेशन सेम्बावांग. उतरले की हे पुसून टाकणार आहे. फोनमध्ये राहिलं तर लेक इंग्रजीत करून मागेल. फक्त एक कबूल करते. पोपटाचं ते वाक्य मला शब्दन् शब्द पाठ आहे, भाकरीच्या वासासकट. आणि अण्णा, ते मला त्या दुसऱ्या माणसाच्या आवाजात ऐकू येतं.